शाळेतला पार

शाळेच्या व्हरांड्याला ग्रिल लावून तिथे एक वर्ग बसवायचा, हा विषय आला तेव्हा मी आमच्या गावच्या शाळा व्यवस्थापन समितीत ‘शिक्षणतज्ज्ञ’ होतो. गावात रिकामा सापडलेला निवृत्त मास्तर, एवढाच त्या पदाचा अर्थ. विषय पाच मिनिटांत उरकायचा होता. पट वाढला होता, खोल्या होत्या तेवढ्याच होत्या आणि सात फुटी व्हरांडा ‘नुसता पडून’ होता. जो तो हाच शब्द वापरत होता. पडून.

मी नको म्हणालो. का नको, ते मात्र मला धड सांगता आलं नाही. पावसात पोरं कुठे बसतील, असं काहीतरी बोललो. त्यावर ‘वर्गात बसतील की, सर’ असं उत्तर आलं आणि ते चुकीचं म्हणता येण्यासारखं नव्हतं. ठराव झाला, ग्रिल बसलं.

त्या व्हरांड्यात काय काय चालायचं याची यादी मी घरी येऊन केली. उशिरा आलेली पोरं आत घेईपर्यंत खांबाला टेकून उभी असत. पहिलीतली रडणारी एखादी आपल्या चौथीतल्या ताईच्या मांडीवर डोकं ठेवून पडलेली असे. खिचडीच्या पंगती तिथेच बसत. दोन खांबांच्या मधल्या पायरीवर मुलींचे सागरगोटे चालत. पाढे न आलेला एक मुलगा शिक्षा म्हणून बाहेर बसवला, की तिथे बसून शेजारच्या वर्गातली कविता पाठ करायचा. मी स्वतः त्याच्याकडून ती ऐकली आहे. यातलं काहीही हजेरीपटावर येत नाही. म्हणूनच बहुधा ती जागा पडून होती.

अशा ‘पडून’ असलेल्या जागांपायी एका माणसाने आपलं जवळजवळ सगळं व्यावसायिक आयुष्य खर्ची घातलं. हर्मन हर्ट्सबर्गर, नेदरलँड्सचा वास्तुरचनाकार. त्याचे नकाशे हाती लागले तेव्हा वाटलं, हे आपल्याकडे आधीच पोचायला हवे होते. मला समितीत जे बोलता आलं नाही, ते त्याने विटांत बांधून ठेवलं होतं.

जन्म 1932, अॅमस्टरडॅमचा. लहानपणी तो मॉन्टेसोरी शाळेत, म्हणजे मूल आपलं काम आपणच निवडतं अशा शाळेत शिकला, आणि पुढचं बरंच काही यातच आलं. 1958 मध्ये डेल्फ्टच्या तंत्रविद्यापीठातून बाहेर पडला आणि त्याच वर्षी त्याने स्वतःचं कार्यालय थाटलं. दोनच वर्षांनी डेल्फ्टमधल्या एका मॉन्टेसोरी शाळेचं काम हाती आलं. 1966 मध्ये उभी राहिलेली ती शाळा आकाराने लहानशी आहे, पण शाळांच्या रचनेबद्दल बोलायला बसलेला माणूस आज तिला वगळून पुढे जाऊ शकत नाही. त्यानंतर त्याने कार्यालयं बांधली, वृद्धांसाठी घरं बांधली, उत्रेख्तमध्ये संगीतगृह बांधलं, जवळजवळ तीस वर्षं डेल्फ्टमध्ये शिकवलं. 2012 मध्ये ब्रिटिश वास्तुरचनाकारांच्या संस्थेचं शाही सुवर्णपदक त्याला मिळालं. पण या सगळ्यातून तो पुन्हा पुन्हा शाळेकडेच वळत राहिला. अॅमस्टरडॅममधल्या जोड अपोलो शाळा 1980 ते 1983 या काळातल्या, त्याच शहरातलं मोठं मॉन्टेसोरी कॉलेज नव्वदच्या दशकातलं. पदकांचं मला फारसं अप्रूप नाही. एक माणूस अर्धं शतक एकाच प्रश्नाभोवती फिरत राहिला, याचं आहे.

प्रश्न कोणता, ते समजायला थोडं मागे जावं लागतं. आधुनिक वास्तुरचनेने शाळेला पहिल्यांदा दिली ती हवा आणि ऊन. क्षयाच्या भीतीचे दिवस होते ते. अॅमस्टरडॅममध्येच यान डायकर नावाच्या वास्तुरचनाकाराने 1930 मध्ये ‘खुल्या हवेतली शाळा’ पुरी केली. काँक्रीटचा सांगाडा, भिंतींच्या जागी काचा, आणि वर्गांना लागून उघड्या गच्च्या. आजही ती इमारत पाहिली की हलकं वाटतं. डायकर 1935 मध्ये गेला, पंचेचाळिशीही न गाठता. त्याचा वारसा मोठा आहे. पण त्याच आधुनिकतेने दुसरंही एक खूळ आणलं. प्रत्येक जागेला एक काम, प्रत्येक कामाला एक खोली, आणि एका खोलीतून दुसरीत जायला मार्गिका. वर्गात शिकायचं, सभागृहात जमायचं, मैदानात खेळायचं, मार्गिकेतून चालायचं. नकाशावर हे फार नीटनेटकं दिसतं. मूल मात्र जिन्यात बसतं.

पन्नाशीच्या दशकाअखेर या नीटनेटकेपणाविरुद्ध जी तरुण मंडळी उठली, त्यांत अॅल्डो व्हॅन आइक हा मोठा. अॅमस्टरडॅमच्या गल्लीबोळांत त्याने शेकड्यांनी क्रीडांगणं केली होती. एक वाळूचा हौद, काही गोल दगड, लोखंडी कमानी, बस्स. घसरगुंडीला हत्तीचं तोंड वगैरे काही नाही. कमानीचं काय करायचं ते पोरांनी ठरवायचं. हर्ट्सबर्गर याच मंडळींतला, व्हॅन आइकबरोबर एका नियतकालिकाच्या संपादक मंडळावर होता. तो पियानो वाजवतो, आणि इमारतीबद्दल बोलताना वाद्याची उपमा देतो. वाद्य स्वतः गाणं ठरवत नाही, पण त्याच्यातून काय निघू शकेल ते त्याच्या घडणीत असतं.

आता डेल्फ्टच्या शाळेत जाऊ. मध्ये एक सामायिक दालन, भोवती वर्ग. दालनाच्या ऐन मधोमध, लोक जिथून ये-जा करणार त्याच वाटेत, विटांचा एक चौथरा बांधून काढलेला आहे. बुटका, चौकोनी, पक्का. हलवता येत नाही. कोणत्याही शहाण्या माणसाने तिथे चाकांचं व्यासपीठ सुचवलं असतं. हवं तेव्हा आणा, नको तेव्हा भिंतीला लावा. हर्ट्सबर्गरने ते केलं नाही, आणि माझ्या मते इथेच त्याचं खरं डोकं दिसतं. हलवता येणारी वस्तू कपाटात जाते. तिची किल्ली शिपायाकडे असते. चौथरा मात्र तिथेच असतो आणि त्याचं काय करायचं हा प्रश्न रोज मुलांपुढे टाकत राहतो. मुलं त्याच्यावर बसतात, काम मांडतात, उड्या मारतात, त्याच्याभोवती जमतात. नाटक असेल तेव्हा त्याच्या पोटातून लाकडी फळ्यांचे भाग बाहेर ओढून तो मोठा करता येतो.

तो चौथरा छायाचित्रात पाहिला आणि मी एकटाच हसलो. हा तर पार! गावातल्या वडाखालचा पार कशासाठी असतो, सांगा बरं. पंचायत भरते, भाजी विकतात, एसटीची वाट पाहतात, पत्ते कुटतात, मयताला निघालेली माणसं तिथे टेकतात. कुणी एका कामासाठी तो बांधला असता तर बाकीची कामं तिथे झाली नसती. डच माणसाने शाळेत पार बांधला, त्यासाठी त्याला सिद्धान्त मांडावा लागला, आणि आपण मात्र असलेल्या व्हरांड्याला ग्रिल ठोकत होतो.

बालवर्गाच्या दालनात याच्या उलट आहे. तिथे जमिनीत चौकोनी खळगा आहे आणि तो लाकडी ठोकळ्यांनी भरलेला आहे. ठोकळे बाहेर काढले की त्यांची बैठकी होतात, आगगाडी होते, मनोरा होतो. रिकाम्या खळग्यात पोरं उतरून गोल बसतात. बाहेर वाळूत खेळायच्या जागेला एकच मोठा हौद नाही. भोकं असलेल्या ठोकळ्यांच्या बुटक्या भिंतींनी लहान लहान कप्पे केलेत. मोठ्या हौदात दांडगी पोरं राज्य करतात, कप्प्यात दोघातिघांचा संसार निवांत चालतो. ठोकळ्यांच्या भोकांत काठ्या रोवून तंबू उभारता येतात.

वर्ग साधे चौकोनी नाहीत, काटकोनात वळलेले आहेत. त्यामुळे एका भागात रंगकाम चाललं असताना दुसऱ्या भागात कुणी शांत बसू शकतं. आणि वर्गाचं दार हे नुसतं दार नाही. दाराशी बसता येईल, दिव्याखाली काम करता येईल, मुलांनी केलेलं काही मांडून ठेवता येईल अशी बेताची जागा आहे. तिथे बसलेलं मूल वर्गात नसतं आणि वर्गाबाहेरही नसतं. आपल्याकडे याला ओटा म्हणतात, उंबरठा म्हणतात, ओसरी म्हणतात. पाहुणा अजून घरात आला नाही पण रस्त्यावरही नाही, त्याला पाणी विचारायची ती जागा. शब्द आपल्याकडे इतके, आणि शाळेच्या अंदाजपत्रकात एकही नाही.

अपोलो शाळांत हीच कल्पना जिन्यावर चढली. मधल्या उंच दालनाभोवती अर्ध्या अर्ध्या मजल्यावर वर्ग, आणि त्यांच्या मधल्या उताराला रुंद लाकडी पायऱ्या. चढायला पायऱ्या, बसायला बाकं, कुणी काही सादर करत असेल तर प्रेक्षागृह. महत्त्वाचं म्हणजे या सगळ्यासाठी वेगळं सभागृह बांधलेलं नाही. जिना तर बांधायचाच होता, मार्गिका तर सोडायचीच होती. येण्याजाण्यात वाया जाणारी जागा त्याने शिकण्याच्या जागेत घातली. मग ‘आमच्याकडे एवढी जागा कुठे’ हे उत्तर त्याच्यापुढे टिकत नाही.

आता आपल्याकडे. शिक्षण हक्क कायदा 2009 चा. त्याच्या परिशिष्टात शाळेच्या इमारतीत काय असावं याची यादी आहे. प्रत्येक शिक्षकामागे किमान एक वर्गखोली, कार्यालय-भांडार-मुख्याध्यापकांची मिळून एक खोली, अडथळा नसलेला प्रवेश, मुलामुलींची वेगळी स्वच्छतागृहं, पिण्याचं पाणी, स्वयंपाकघर, मैदान, कुंपण. यादी वाईट नाही. ज्या शाळांना यातलंही काही नव्हतं, त्यांच्यासाठी ती मोठीच गोष्ट होती, आणि मुलींच्या स्वच्छतागृहाआधी पार बांधा असं म्हणण्याइतका मी खुळा नाही. पण या यादीचा परिणाम असा झाला की शाळा म्हणजे खोल्यांची बेरीज. ‘शाळा केवढी?’ विचारलं की आपण ‘सात खोल्यांची’ म्हणतो. जे मोजलं जातं ते बांधलं जातं, जे मोजलं जात नाही त्याला ग्रिल लागतं.

गंमत म्हणजे आपल्या जुन्या जिल्हा परिषद शाळांचा नमुना नकाशा काही वाईट नव्हता. ओळीने खोल्या, पुढे कौलांचा किंवा पत्र्याचा व्हरांडा, दोन पायऱ्या, समोर अंगण. ऊन आणि पाऊस अडवायला केलेला तो व्हरांडा शाळेतली सगळ्यात जिवंत जागा होऊन बसला. कुणी योजून केलं नव्हतं, हवामानाने करून घेतलं. योजून केलेलं नसल्यामुळेच त्याची बाजू घ्यायला कुणी नव्हतं. नव्या दोन मजली स्लॅबच्या इमारतींत तो आक्रसून चार-पाच फुटांची मार्गिका झाला. मार्गिकेत बसलं की शिपाई उठवतो.

आणखी एक गोष्ट बोलायला हवी, ती काहींना आवडणार नाही. ‘बोलक्या भिंती’. इमारतच शिकवण्याचं साधन व्हावी, हा ‘बाला’ उपक्रमामागचा मूळ विचार चांगला होता, अजूनही आहे. दाराच्या कोपऱ्यात कोन दिसावेत, खिडकीच्या गजांवर आकार गिरवता यावेत, जमिनीवर मापं असावीत. पण गावोगावी पोचेपर्यंत त्याचं ‘बाला पेंटिंग’ झालं. पायऱ्यांवर पाढे, खांबांवर बाराखडी, भिंतीवर सूर्यमाला, पाण्याच्या टाकीवर थोर नेते. पेंटर एका शाळेतून दुसऱ्या शाळेत तेच करत जातो. पहिल्या आठवड्यात मुलं वाचतात. मग बे एके बे त्यांना तसंच दिसेनासं होतं जसा आपल्याला घरातला कॅलेंडरवरचा गणपती. या भिंती अखंड बोलतात आणि मुलाला बोलायला जागा ठेवत नाहीत. हर्ट्सबर्गरच्या शाळांत सिमेंटचे ठोकळे बहुतेक उघडेच असतात, करडे, रूक्ष. पाहणाऱ्याला वाटतं, काम अर्धवट सोडलंय. ते मुलांसाठी अर्धवट सोडलेलं आहे. त्यांची चित्रं, त्यांच्या कुंड्या आल्याशिवाय भिंत पुरी होत नाही. मला करडा रंग तितकासा भावत नाही, आपल्या उन्हात तर नाहीच. पण भिंतीने आधी गप्प बसावं, हे मला पटलंय.

हर्ट्सबर्गरवर आक्षेप आहेत, आणि त्यातला एक मला खरंच जड वाटतो. त्याची इमारत मॉन्टेसोरी पद्धतीसाठी आहे. तिथे मूल आपलं काम उचलून दालनात जाऊन बसू शकतं, बाईंना हात वर करून विचारावं लागत नाही. जिथे चाळीस मुलं फळ्याकडे तोंड करून बसलेली आहेत आणि पाणी प्यायला जायलाही परवानगी लागते, तिथे दारातला ओटा बांधून काय होणार? काही नाही. तो चपला काढायला वापरला जाईल. इमारत शिकवण्याची पद्धत बदलत नाही, बदलत असेल तर तिला अडवत नाही, एवढंच. त्याचीच आपेलडोर्नची विमा कंपनीची इमारत पाहा. माणसांनी आपापला कोपरा घर समजून सजवावा म्हणून ती केली होती. जगभर नावाजली गेली. कंपनी निघून गेली आणि ती ओस पडली. कितीही मोकळीक ठेवली तरी वापरणारं माणूस लागतंच.

पण मग असं म्हणणारा माणूस पुढचा प्रश्न टाळतो. पद्धत काय आभाळातून बदलेल? आणि ही पद्धत आपल्याला परकी आहे का? मारिया मॉन्टेसोरी 1939 मध्ये मद्रासला आल्या आणि महायुद्धामुळे 1946 पर्यंत भारतातच राहिल्या. पण त्या यायच्या कितीतरी आधी, 1926 मध्ये, गिजुभाई बधेका आणि ताराबाई मोडक यांनी नूतन बालशिक्षण संघ काढला होता. ताराबाईंनी मॉन्टेसोरी घेतली आणि ती परवडेल अशी केली. महागडी लाकडी साधनं बाजूला ठेवली, बिया, शिंपले, पानं आणली. 1945 मध्ये त्या डहाणूजवळच्या बोर्डी गावी गेल्या. वस्तीतली मुलं बालवाडीत येईनात, तेव्हा बालवाडीच त्यांच्या अंगणात नेली. ‘अंगणवाडी’ हा शब्द आज आपण सरकारी योजनेचं नाव म्हणून उच्चारतो, पण तो मुळात जागेबद्दलचा शब्द आहे. पुढे कोसबाडच्या टेकडीवर ताराबाई आणि अनुताई वाघ यांनी गुरं राखणाऱ्या आदिवासी मुलांसाठी कुरणशाळा चालवली. गुरं जिथे चरतात तिथे शाळा. अॅमस्टरडॅमच्या मॉन्टेसोरी शाळेतलं मूल मोठं होऊन शाळेत अंगण बांधायला निघालं, आणि त्याच झाडाच्या दुसऱ्या फांदीवरून ताराबाई शाळा घेऊन अंगणात गेल्या. दोघांनाही कळलं होतं की खोली हा शाळेचा एक भाग आहे, सगळी शाळा नव्हे. त्यानंतर अंगणवाडीचं काय झालं? तिला खोली मिळाली, अंगण गेलं.

म्हणून माझं म्हणणं एवढंच आहे की नव्या शाळेच्या अंदाजपत्रकात ‘बिननावाची जागा’ नावाने मोजायला लागा. वर्गखोल्यांच्या क्षेत्रफळाच्या काही हिश्शाइतकी जागा अशी ठेवायची जिला दार नाही, कुलूप नाही, वेळापत्रक नाही. व्हरांडा बंद करायचा तर एखाद्या खोलीइतकंच कारण द्यावं लागेल, असा नियम करा. आणि शाळांचं काम ज्यांच्याकडे आहे त्यांना त्यात मुरू द्या. आज तालुक्याचा जो अभियंता शाळेचा नकाशा हातात घेतो, त्याच्याच टेबलावर रस्त्याची डागडुजी, मोरी आणि दवाखान्याची गळती असते. तो हुशार असतो, बिचाऱ्याला वेळ नसतो, आणि शाळा बांधून झाली की तो पुन्हा तिथे फिरकत नाही. हर्ट्सबर्गरची डेल्फ्टची शाळा नंतर वाढवली तेव्हा त्याला स्वतःच्या कामाकडे परत यावं लागलं. आपण बांधलेल्या पायरीवर मुलं खरंच बसतात का, हे पाहायला परत येणं, या एका गोष्टीची किंमत कुठल्याही दरसूचीत नाही.

आमच्या शाळेचं ग्रिल अजून आहे. आत दुसरीचा वर्ग भरतो, पावसाळ्यात झड येते म्हणून ग्रिलला ताडपत्री बांधलेली असते आणि दिवसा दिवा लावावा लागतो. पण गेल्या साली थोडा निधी शिल्लक राहिला तेव्हा मी अंगणातल्या कडुलिंबाभोवती पार बांधायचं काढलं. या खेपेला नकाशे घेऊन गेलो होतो. समितीने हो म्हटलं, बहुधा मी पुन्हा लांबड लावीन या भीतीने. तरुण अभियंता मापं घ्यायला आला. टेप लावली, वहीत आकडे टाकले, मग पेन थांबवून म्हणाला, “सर, हे कशासाठी लिहू?”

मी म्हटलं, “कशासाठीच नाही.”

“तसं चालत नाही, सर. काहीतरी लिहावं लागतं. प्रार्थनेसाठी लिहू? भोजनासाठी?”

बराच वेळ आम्ही दोघं त्या झाडाखाली उभे होतो. शेवटी त्याने ‘वृक्ष संरक्षण कट्टा’ असं लिहिलं, आणि ते मंजूर झालं.